जळून लिहिलेली पुस्तकं

आमच्या कॉलेजात अर्थशास्त्र शिकवणाऱ्या मॅडम स्वतःबद्दल एक गोष्ट अगदी मोकळेपणी सांगायच्या. "मी जे काही लिहिलं ना, ते चिमीवर जळून लिहिलं. ती नसती तर मी नुसता पगार घेतला असता आणि खिडकीतल्या कुंड्यांना पाणी घातलं असतं." ऐकणाऱ्याला वाटायचं, बाई विनय दाखवताहेत. विनय त्यांच्याकडे औषधालाही नव्हता. त्या खरं तेच सांगत होत्या.

स्टाफरूममध्ये माझं टेबल त्यांच्या टेबलाला लागून होतं. मी आधी त्यांची विद्यार्थिनी, मग त्यांच्याच विभागात सहकारी. त्यामुळे यातलं काही मी स्वतः पाहिलंय, आणि उरलेलं त्यांच्याकडून, त्यांच्या यजमानांकडून आणि खुद्द चिमीकडून ऐकलंय.

चिमी म्हणजे मॅडमची नणंद. पण नणंद ती पुढे झाली. आधी शाळेतली मैत्रीण, एका बाकावरची. बारीक चणीची आणि सारखी चिवचिव करणारी, म्हणून घरात तिचं चिमणी पडलं आणि त्याचं चिमी झालं. वर्गात तिचा पहिला नंबर आणि मॅडमचा दुसरा. मॅडम पहाटे उठून घोकायच्या, समासात लाल रेघा मारायच्या. चिमी मधल्या सुट्टीत पायऱ्यांवर बसून शेंगदाणे खात धडा वाचायची आणि तेवढ्यावर पेपर लिहायची.

"आणि वर पेपर झाला की मलाच विचारायची, तुला कसा गेला गं? मनापासून विचारायची," मॅडम सांगायच्या. "तेच तर वाईट. खवचटपणे विचारलं असतं तर निदान मला भांडता आलं असतं."

कॉलेजात विषय निवडायची वेळ आली तेव्हा मॅडमचा खरा ओढा इतिहासाकडे होता. चिमीने अर्थशास्त्र घेतलं. मॅडमनी अर्जावर लिहिलेला इतिहास खोडला आणि अर्थशास्त्र लिहिलं. त्यांच्या वडिलांनी कारण विचारलं, तर म्हणाल्या, नोकरी लवकर लागते. मला मात्र वेगळं सांगितलं. "इतिहासात पहिली येऊन काय करू? चिमी तिथे नव्हतीच."

पण विषय पुढे त्यांना लागला. त्यांच्या प्राध्यापकांनी एकदा वर्गाला प्रश्न घातला, की एकाच मालाची दुकानं एकमेकांना चिकटून का बसतात? चप्पलवाल्याशेजारी चप्पलवालाच का? मॅडम आठवडाभर चपलांच्या गल्लीत फिरल्या. कुणाकडे गिऱ्हाईक जात नाही आणि कोण हवं ते माप शेजाऱ्याकडूनच मागवून घेतो, हे विचारत राहिल्या. एका दुकानदाराने त्यांना बसायला स्टूल दिलं, दुसऱ्याने हाकलून लावलं. पानंच्या पानं भरली. चिमीने अर्धं पान लिहिलं. एक रेघ म्हणजे रस्ता, रेघेवर दोन ठिपके म्हणजे दोन दुकानं, आणि ते ठिपके सरकत सरकत मधे का येतात याचा चार ओळींचा खुलासा.

प्राध्यापकांनी दोन्ही उत्तरं वर्गात वाचून दाखवली. मॅडमच्या उत्तराबद्दल म्हणाले, "यात कष्ट दिसतात." चिमीच्या उत्तराबद्दल म्हणाले, "यात बुद्धी दिसते."

बिचाऱ्यांनी दोघींचं कौतुकच केलं होतं. मॅडमच्या अंगाचा मात्र तिळपापड झाला, आणि ती वाक्यं त्यांनी जन्मभर जपून ठेवली. कुणी त्यांच्या लेखाला मेहनतीचा लेख म्हटलं की त्या आमच्याकडे बघून म्हणायच्या, "झालं! दिसले कष्ट."

मग शिष्यवृत्ती आली. परदेशात जाऊन डॉक्टरेट करायची, जागा एकच. दोघींनी अर्ज केले, दोघींना मुलाखतीला बोलावलं. आदल्या संध्याकाळी चिमी मॅडमच्या घरी आली, दोघींनी एकमेकींना प्रश्न विचारून तयारी केली. जागा चिमीला मिळाली.

विमानतळावर तिला पोचवायला तिच्या घरचे गेले आणि मॅडमही गेल्या. काचेपलीकडे चिमी हात हलवत दिसेनाशी झाली, आणि मॅडमना रडू फुटलं. साधंसुधं नाही, हुंदक्यावर हुंदके. शेजारी चिमीचा मोठा भाऊ उभा होता. त्याचं चष्म्याचं दुकान होतं. शांत, जरा पोक काढून चालणारा माणूस. त्याने खिशातून चष्मे पुसायचा मऊ कापडी तुकडा काढून पुढे केला. त्याला वाटलं, आपल्या बहिणीवर हिचा केवढा जीव! त्या रडण्यावरच तो भाळला.

"मला खरं कारण लग्नानंतर कळलं," चष्मेवाले मला एकदा म्हणाले. "पण तोवर आमंत्रितांनी जेवून ढेकर दिले होते."

अशा रीतीने मॅडम चिमीच्या घरात सून म्हणून आल्या. मी एकदा धीर करून विचारलं, "मॅडम, ज्या घरात सारखं तिचंच कौतुक होणार, तिथे लग्न करून कशाला गेलात?" त्या चहाचा कप तसाच हातात धरून विचारात पडल्या. "हे चांगले होते म्हणून," त्या म्हणाल्या, आणि मग, "आणि तिचं काय चाललंय ते मला सगळ्यांच्या आधी कळलं असतं ना."

कळायचंही. सासूबाईंचा सगळा दिवस लेकीच्या बातम्यांवर चालायचा. चिमीला तिकडे नोकरी लागली, चिमीने शोधनिबंध वाचला. बैठकीच्या खोलीत काचेचं कपाट होतं, त्यात पाहुण्यांसाठीचे चांगले कप आणि एक चिनी मातीचा हत्ती. चिमीचा प्रबंध पुस्तकरूपाने निघाला तेव्हा सासूबाईंनी हत्तीला बाजूला केलं आणि मधोमध ते पुस्तक उभं केलं. घरात ते वाचू शकणारं माणूस एकच होतं, सूनबाई. पण पुस्तक पुसायच्या सासूबाई, आणि येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवायच्याही सासूबाई.

त्या दिवशी जेवताना मॅडम नवऱ्याला म्हणाल्या, "मीसुद्धा पुस्तक लिहिणार आहे."

"कशावर?"

"कशावरही."

ते पहिलं पुस्तक म्हणजे 'किमतीची ओळख'. पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यांसाठी, आपल्या भाषेत, चपलांच्या गल्लीतल्या आणि दूधवाल्याच्या उदाहरणांनी लिहिलेलं. मॅडम तेव्हा नुकत्याच लेक्चरर झाल्या होत्या आणि मुलगी तान्ही होती. एका हाताने पाळण्याची दोरी आणि दुसऱ्या हाताने मागणी-पुरवठा, असं ते लिहिलं. पुस्तक धडाक्यात खपलं. कॉलेजाकॉलेजांत लागलं. आमच्या वेळी त्याची शिलाई उसवलेली प्रत एका वर्गाकडून दुसऱ्या वर्गाकडे जायची.

मॅडमनी पहिली प्रत सासूबाईंच्या हातात ठेवली. सासूबाईंनी ती उलटीपालटी केली, सुनेच्या पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाल्या, "छान झालं हो. हे शाळेचं आहे ना?" मग पुस्तक नेऊन नातीच्या गोष्टींच्या पुस्तकांत नीट लावून ठेवलं.

काचेच्या कपाटात नाही.

मॅडम त्या खोलीतून जाताना कपाटाकडे बघायच्याच नाहीत, असं चष्मेवाले सांगतात. मान वळवून जायच्या. एकदा त्या नादात दाराच्या चौकटीला डोकं आपटून घेतलं.

पुढची काही वर्षं शिकवण्यात, मुलगी वाढवण्यात गेली. तिकडे चिमीचं दुसरं पुस्तक आलं आणि ते मात्र जगभर गाजलं. विषय होता कुटुंब. घरातली माणसं काम, वेळ आणि पैसा कसा वाटून घेतात, याचं तिने एक देखणं गणित मांडलं होतं. त्या गणितात कुटुंब हे जणू एकच मन. सगळे मिळून ठरवतात आणि त्यात सगळ्यांचं भलं होतं.

मॅडमनी ते स्वयंपाकघरात ओट्याशी उभ्या राहून वाचलं. एका हातात पुस्तक, एका हातात डाव. आधी त्यांचा चेहरा उतरला, कारण गणित खरोखरच सुंदर होतं. मग एका पानावर त्या थबकल्या आणि मोठ्याने हसल्या. चष्मेवाले धावत आले.

"अहो, तुमची बहीण म्हणते, घराला एकच मन असतं."

"मग?"

"आपल्या घरात पंखा कितीवर ठेवायचा यावर एकमत झालंय कधी?"

चष्मेवाल्यांनी जरा विचार करून सांगितलं, "तो तू म्हणशील तितक्यावर असतो."

"आई घरात असल्या की?"

"आई म्हणेल तितक्यावर."

"हे गणितात कुठंय?" मॅडमनी डाव आपटला. आनंदाने आपटला. इतक्या वर्षांत त्यांना चिमीची चूक पहिल्यांदाच सापडली होती.

त्या कामात मी होते. मॅडमनी आम्हा विद्यार्थ्यांच्या जोड्या केल्या आणि वस्तीवस्तीत पाठवल्या. त्यांची युक्ती साधी होती. नवरा-बायकोला एकत्र काहीही विचारायचं नाही. एकाने नवऱ्याला गॅलरीत गाठायचं, दुसरीने बायकोला स्वयंपाकघरात, आणि प्रश्न तेच. फ्रीज कोणी ठरवला? मुलीची शिकवणी कुणाच्या सांगण्यावरून बंद झाली? आजारी पडल्यावर डॉक्टरकडे किती दिवसांनी जाता? दोन उत्तरं शेजारी ठेवली की वाटायचं, ही दोन वेगळ्या घरांतली माणसं आहेत. एका घरात नवरा स्वयंपाकघरातून हलेना. त्याच्यासमोर बाई म्हणाली, "आम्ही सगळं मिळून ठरवतो." दारावरची बेल वाजली, नवरा बघायला गेला, आणि ती माझ्या कानाशी वाकून म्हणाली, "आता लवकर विचार."

'घरातली घासाघीस' असं त्या पुस्तकाचं नाव. चिमीच्या पुस्तकातला एकेक मुद्दा घेऊन मॅडमनी त्याची सालं काढली होती. भाषा तिखट होती. काही वाक्यं तर मला वाचतानाच झोंबली. म्हटलं, मॅडम, हे जरा जास्त होतंय. त्या म्हणाल्या, "ती तिकडे आहे. तिला काय लागणारे!" गावातल्याच छापखानेवाल्याने पुस्तक छापलं, मुखपृष्ठाचा निळा रंग जांभळा उमटला, आणि पहिले कित्येक महिने प्रती आमच्या विभागाच्या कपाटावर धूळ खात पडल्या.

तोवर मी त्यांच्याच विभागात शिकवायला लागले होते. मग एका सकाळी प्राचार्य स्वतः स्टाफरूममध्ये आले. हातात एक परदेशी नियतकालिक. त्यात चिमीने मॅडमच्या पुस्तकावर लांबलचक लेख लिहिला होता. प्राचार्यांनी उभ्या उभ्या भाषांतर करत तो वाचून दाखवला. चिमीने लिहिलं होतं की माझ्या पुस्तकातली सगळ्यात मोठी चूक या पुस्तकाने दाखवून दिली आहे. जे मी टेबलाशी बसून गृहीत धरलं, ते लेखिकेने दारोदार जाऊन तपासलं. या विषयावर काम करणाऱ्याने यापुढे आधी हे पुस्तक वाचावं आणि मग माझं.

टाळ्या वाजल्या. कुणीतरी शिपायाला चहा सांगितला. मी मॅडमकडे बघितलं तर त्यांचा चेहरा पांढराफटक. सगळ्यांशी हसून बोलल्या, आणि चहा यायच्या आत हात धुवायला म्हणून उठल्या. मी मागोमाग गेले. त्या नळ सोडून नुसत्या उभ्या होत्या.

"काय झालं मॅडम? एवढं चांगलं लिहिलंय त्यांनी."

"तेच झालं," त्या म्हणाल्या. "मी एवढी चिखलफेक केली आणि तिने काय केलं? कौतुक! आता पुस्तक गाजेल. आणि का गाजलं, तर चिमीने सांगितलं म्हणून. अगं, माझी एक लढाई होती, तीसुद्धा तिनेच जिंकून माझ्या हातात दिली."

तसंच झालं. पुस्तकाची दोन भाषांत भाषांतरं झाली, मॅडमना परिषदांची आमंत्रणं येऊ लागली. प्रत्येक ठिकाणी ओळख करून देणारा माणूस पहिल्या वाक्यात चिमीचं नाव घ्यायचा. मॅडम हसऱ्या चेहऱ्याने बसायच्या आणि टेबलाखाली रुमाल पिळायच्या.

त्यानंतर सासूबाईंना अर्धांगवायूचा झटका आला. एक बाजू गेली, वाचा अडखळू लागली. त्यांचं सगळं अंथरुणात आलं, आणि ते मॅडमनी काढलं. कॉलेजात जायच्या आधी अंग पुसणं, कूस बदलणं, पाठीला झोपून झालेल्या जखमा धुणं, भरवणं. दुपारी एक बाई यायची. संध्याकाळी परत मॅडम. चष्मेवालेही करायचे, पण आई मुलाला पाठ चोळू द्यायची नाही. वर्षं गेली त्यात. मॅडमचे गुडघे गेले, लिहिणं बंद पडलं.

चिमी दर रविवारी फोन करायची. फोनच्या आधी सासूबाई खुणेने कंगवा मागायच्या. फोनवरून काय दिसणार होतं? पण केस विंचरून घेतल्याशिवाय त्या लेकीशी बोलायच्या नाहीत. विंचरायच्या मॅडम.

शेवटी शेवटी चिमी येऊन राहिली. मॅडमच्या हातचा घास थुंकून टाकणाऱ्या सासूबाई लेकीच्या हातून लहान मुलासारख्या जेवल्या. चिमी रडली, हसली, आईला शाळेतल्या गमती सांगत बसली. आणि ती असतानाच त्या गेल्या. भेटायला आलेली माणसं चिमीजवळ बसत होती. नेहमीच्या डॉक्टरांनीसुद्धा तिचाच हात हातात घेतला. "तुमच्यासाठी थांबल्या होत्या त्या." एक लांबची मामी मॅडमना म्हणाली, "सूनबाई, सगळ्यांना चहा टाकतेस का?"

मॅडमनी चहा टाकला.

तिसरं पुस्तक त्या चहातून निघालं. नाव 'उशाशी'. आजाऱ्याच्या उशाशी बसणाऱ्या माणसांचं अर्थशास्त्र. कोण बसतं, त्यासाठी काय सोडतं, ते कुठल्याच हिशेबात का धरलं जात नाही, आणि धरलं तर देशाचं चित्र कसं पालटतं. मी आजही म्हणेन की ते त्यांचं सगळ्यात मोठं काम आहे. मोठ्या प्रकाशकाने ते काढलं. परिचारिकांच्या संघटनेने त्यातली पानं सभेत वाचली, पेन्शनवर नेमलेल्या समितीने मॅडमना बोलावून घेतलं. या वेळी चिमीचं नाव कुणीही घेतलं नाही.

पण पुस्तकात चिमी होती. एका पानाखाली, बारीक अक्षरांत, एक टीप होती. घरापासून दूर गेलेली कमावती मुलगी आठवड्यातून एकदा फोन करते, आणि आजारी आई त्या फोनसाठी आठवडाभर जगते. शेजारी बसण्याला असा एक स्वस्त पर्याय उपलब्ध आहे, आणि त्याला मिळणारं मोल मात्र सगळ्यांत जास्त आहे.

फोन आला तेव्हा मॅडम माझ्यासमोरच बसल्या होत्या, पेपर तपासत. चिमीचा आवाज मला टेबलापलीकडे ऐकू आला.

"वहिनी, ती टीप माझ्यावर आहे ना?"

मॅडमनी लाल पेन खाली ठेवलं.

"माझी आई होती गं ती. तिच्या पाठीच्या जखमा तू पुस्तकात छापल्यास. मला एका शब्दाने विचारायचं तरी!"

"तुझी आई होती, खरंय," मॅडम म्हणाल्या. "पण पाठ माझ्या हाताखाली होती."

फोन बंद झाला. आई गेल्यावरही चालू राहिलेला तो रविवारचा फोनही मग बंद झाला. चिमी भावाच्या दुकानात फोन करायची, घरी नाही.

मॅडमना वाटलं होतं, आता सुख लागेल. पुस्तक गाजत होतं, शेजारी कुणी नव्हतं. पण झालं भलतंच. समितीतून आल्या की विचारायच्या, "अहो, चिमी काही बोलली का पुस्तकाबद्दल?" चष्मेवाले मान हलवायचे. चिमीनेही त्या काळात काही छापलं नाही. नवी माणसं आली होती, तिची गणितं मागे पडत चालली होती. आणि मॅडमचा लिहायचा हात थंड पडला. टेबलावर कागद असायचे, त्यांवर मांजर झोपायचं. मला म्हणायच्या, "पोटात दुखत नाही गं हल्ली. काही सुचतच नाही."

मॅडमच्या निवृत्तीच्या वर्षी चिमी कायमची परत आली. लग्न तिने केलं नव्हतं. चष्म्याच्या दुकानाच्या वरची जागा भावाने तिच्यासाठी रंगवून घेतली, आणि बायकोला सांगितलं रंग वाळल्यावर.

"अहो, आधी सांगायचं तरी!"

"आधी सांगितलं असतं तर रंग कुठला द्यायचा यावर घासाघीस झाली असती."

मॅडम पहिल्यांदा जिना चढून वर गेल्या तेव्हा मला बरोबर घेऊन गेल्या. एकटं जायची छाती नव्हती. खोलीत पुस्तकांची खोकी अजून बांधलेली होती. चिमी एका खोक्यावर बसली होती, पांढऱ्या केसांची, अजून तशीच बारीक. तिने मॅडमना खुर्ची दिली. मॅडमनी बसून आधी गुडघा चोळला. मग मॅडमच म्हणाल्या, "'उशाशी'ची नवी आवृत्ती निघतेय. ती टीप मी काढून टाकते."

"नको काढू," चिमी म्हणाली. "खरी आहे ती. मी फोन करायचे आणि समोर काम उघडं ठेवायचे. आई बोलत असायची, मी हं हं करायचे." ती खोक्याची सुतळी सोडायला लागली. "फक्त 'स्वस्त' हा शब्द तेवढा काढ. मला तो स्वस्त नव्हता पडला."

मॅडमनी मान खाली घातली. "तो शब्द आकडेवारीत नव्हताच," त्या म्हणाल्या. "तो मी घातला होता. तुझ्यावर जळून."

"माझ्यावर?" चिमीला खरंच कळलं नाही. "का?"

मग मॅडमनी सगळं सांगितलं. बाकापासून सगळं. इतिहास खोडला ते, विमानतळावरचं रडणं, काचेचं कपाट, तो लेख, तो चहा. चिमी तोंड उघडं टाकून ऐकत होती.

"वहिनी, मला कधी जाणवलंच नाही गं."

"हो ना!" मॅडम जवळजवळ ओरडल्या. "तुझं लक्षच नव्हतं! मी इकडे जन्मभर जळतेय आणि तुला पत्ताच नाही!"

"तू माझ्यापुढे गेलीस तेव्हा मला बरं वाटलं होतं," चिमी अगदी सरळपणे म्हणाली. "मला कुणाचा हेवा वाटत नाही. लहानपणापासूनच नाही. ते कसं असतं हेही मला नीट माहीत नाही. काहीतरी कमी असेल माझ्यात."

मॅडम कठडा धरून एकेक पायरी जिना उतरल्या. खाली दुकानाशी आल्यावर माझा दंड घट्ट धरला. "ऐकलंस? हेवासुद्धा वाटत नाही तिला! माणसाने किती भाग्यवान असावं!" आणि त्यांच्या डोळ्यांत मी कित्येक वर्षांनी ती जुनी चमक पाहिली.

दुसऱ्याच दिवसापासून त्या कामाला लागल्या. विषय होता हेवा. माणूस आपलं बरं चाललंय की वाईट, हे कुणाकडे बघून ठरवतो? निवृत्त झालेली बाई गुडघ्याला पट्टा बांधून बँकेत, बसडेपोत, शिलाईच्या कारखान्यात जाऊन बसायला लागली. विचारायची, "तुमच्यापुढे कोण गेलं तर तुम्हाला सगळ्यांत जास्त लागेल?" मंत्री, नट, कारखान्याचा मालक यांची नावं कुणीच घेतली नाहीत. लोक सांगायचे, माझा धाकटा भाऊ. माझ्याबरोबर लागलेला तो. माझी जाऊ. पगारवाढ झालेला माणूस शेजारच्याला जास्त वाढ मिळाली की दुःखी होतो, आणि त्या दुःखावर नोकऱ्या सोडतो, घरं घेतो, मुलांना नको त्या शाखेत घालतो, हे मॅडमनी माणसामाणसांच्या तोंडून मांडलं. पुस्तकाचं नाव 'शेजारची खुर्ची'.

कच्चा मजकूर चिमीने वाचला. रोज सकाळी मॅडम जिना चढायच्या, आणि वर दोघींचा आवाज चढायचा. चिमीने एक प्रकरण अख्खं उलटवलं. म्हणाली, तुझ्या आकड्यांतून हे निघतच नाही. मॅडम दोन दिवस तिच्याशी बोलल्या नाहीत आणि तिसऱ्या दिवशी प्रकरण नव्याने लिहून घेऊन गेल्या. प्रकाशकाने सुचवलं, दोघींची नावं घालू या. चिमी म्हणाली, तिचं पुस्तक आहे, माझं कशाला. मॅडम म्हणाल्या, "माझ्या नावाशेजारी हिचं नाव आलं की लोक हिचंच वाचणार. मुळीच नको."

प्रकाशनाचा समारंभ आमच्याच कॉलेजच्या सभागृहात झाला. खुर्च्या कमी पडल्या, मुलं खिडक्यांत बसली. प्रमुख पाहुणी चिमी. मॅडमनी आपलं भाषण चार चार वेळा लिहून पाठ केलं होतं आणि ते त्यांनी नीट केलं, एकही मुद्दा न विसरता. मग चिमी उठली. कागद नाही, तयारी नाही. म्हणाली, "मी घराचं गणित मांडलं तेव्हा घर बघायला हिने लावलं. आईचं आजारपण मला फोनवरून समजलं होतं, ते खरं काय होतं हे हिच्या पुस्तकाने सांगितलं. आणि हेवा तर मला कधी कळलाच नव्हता. या वयात एखादी नवी भावना शिकवणारं माणूस भेटणं, ही काही लहान गोष्ट नाही." सभागृह आधी शांत झालं आणि मग टाळ्या थांबेचनात. माझ्या शेजारी बसलेल्या चष्मेवाल्यांनी चष्मा काढून डोळे पुसले.

समारंभानंतर आम्ही रिक्षाची वाट बघत फाटकाशी उभे होतो. मॅडमच्या हातात फुलं होती, शाल होती, पोरं वाकून वाकून सह्या घेत होती. गर्दी जरा पांगल्यावर चष्मेवाल्यांनी विचारलं, "काय, आता तरी समाधान झालं?"

मॅडम दूर उभ्या असलेल्या चिमीकडे बघत होत्या. चिमी दोन मुलींना समारंभाची सूचना लिहिलेल्या फळ्यावर खडूने काहीतरी रेघ काढून समजावत होती.

"किती छान बोलली हो ती," मॅडम म्हणाल्या. "आणि बिनतयारीचं! मी आठवडाभर घोकत होते."